मेट्रो जनतेच्या पैशाने, नफा जमीनमालकांचा

जून 2017 मध्ये दक्षिण बंगळुरात मेट्रो धावू लागली आणि जयप्रकाश नारायण यांचे नाव धारण करणाऱ्या जे. पी. नगरला स्थानक लाभले. ऑगस्ट 2024 मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने 15,611 कोटी रुपयांच्या तिसऱ्या टप्प्याला मंजुरी दिली. त्यातील एक मार्ग जे. पी. नगरपासूनच सुरू व्हावयाचा आहे. सार्वजनिक वाहतुकीचे स्वागतच केले पाहिजे. प्रश्न निराळा आहे. जनतेच्या पैशाने जमिनीचा जो भाव वाढतो, तो कोणाच्या खिशात जातो?

उत्तर भाडेकरूला ठाऊक आहे. अकरा महिन्यांचा करार संपला की भाडे वाढते. नवे घर घ्यावयाचे तर कित्येक महिन्यांच्या भाड्याइतकी अनामत आगाऊ मोजावी लागते. धुणीभांडी करणारी बाई, रिक्षाचालक, इस्त्रीवाला यांनी ती आणावी कोठून? ज्यांच्या श्रमावर वस्ती चालते, तेच वस्तीबाहेर फेकले जातात. कायदा तरी त्यांच्या बाजूचा आहे काय? कर्नाटकाच्या 1999 च्या भाडे कायद्याने बंगळुरातील दरमहा 3,500 रुपयांवरील भाड्याची घरे आपल्या कक्षेबाहेर ठेवली. आजच्या भाड्यांकडे पाहता हे संरक्षण कागदावरच उरते.

मराठी कामगाराला हे नवे नाही. 18 जानेवारी 1982 रोजी मुंबईचे सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. पुढे गिरण्या बंद पडत गेल्या आणि जमीन सोन्याची झाली. 1991 च्या नियमाने त्या जमिनीचा एक तृतीयांश भाग मोकळ्या जागांसाठी व एक तृतीयांश सार्वजनिक घरबांधणीसाठी राखला होता. 2001 च्या दुरुस्तीने ही वाटणी केवळ रिकाम्या जमिनीपुरती उरली. 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ती ग्राह्य धरली. चाळींच्या शेजारी मॉल आणि मनोरे उभे राहिले, कामगारांची मुले दूरच्या उपनगरांत गेली.

भांडवलदार वर्ग निवासाचा प्रश्न सोडवीत नाही, तो केवळ दुसरीकडे हलवितो, हे एंगेल्सने 1872 मध्येच दाखवून दिले होते. म्हणून मागणी स्पष्ट हवी. स्थानकांभोवतीच्या वाढीव भावाचा वाटा शासनाने वसूल करावा व त्यातून त्याच परिसरात श्रमिकांसाठी भाड्याची सार्वजनिक घरे बांधावीत. भाडे कायद्यातील मर्यादा रद्द करावी. गिरणगावात हक्काची जमीन नियमातील एका दुरुस्तीने हातची गेली. जे. पी. नगरात रूळ पडण्यापूर्वीच भाडेकरूंनी संघटित झाले पाहिजे.