एकाकीपणाचे मालक कोण?

जपानच्या प्रायोगिक ॲनिमेशन लघुपटांविषयी लिहिताना समीक्षक ‘आधुनिक मानवाचे अटळ एकाकीपण’ हे शब्द मोठ्या सहजतेने वापरतात. जणू एकाकीपण म्हणजे मोसमी वारेच! हा शब्दप्रयोग निरुपद्रवी नाही. दुःख एकदा अटळ ठरले की त्याची जबाबदारी कोणावरच उरत नाही.

योजी कुरी यांनी १९६२ साली ‘मानवी प्राणिसंग्रहालय’ हा लघुपट केला. त्यात पिंजऱ्यांत कोंडलेले पुरुष आहेत आणि त्यांना छळणाऱ्या स्त्रिया आहेत. हा पिंजरा आला कोठून? १९६० साली इकेदा सरकारने दहा वर्षांत राष्ट्रीय उत्पन्न दुप्पट करण्याची योजना जाहीर केली. त्याच वर्षी मिइके खाणीतील कामगारांचा दीर्घ लढा पराभूत झाला. खेड्यांतील पंधरा-पंधरा वर्षांची मुले शाळा संपताच खास आगगाड्यांतून शहरांतील कारखान्यांत आणून ओतली जात होती. त्यांना कौतुकाने ‘सोन्याची अंडी’ म्हणत. (कोंबडीला मात्र कोणी विचारले नव्हते.) मार्क्सने १८४४ च्या हस्तलिखितांत ज्याला परात्मभाव म्हटले, तो येथे असा घाऊक प्रमाणावर तयार होत होता. कुरींनी पिंजरा अचूक पाहिला. पण किल्ली दिली ती स्त्रीच्या हाती. कारखानदार आणि जमीनमालक चौकटीबाहेर सुखरूप राहिले. कुरींच्या विनोदाला दाद देणाऱ्यांनी ही अदलाबदल तपासायला हवी होती.

कोजी यामामुरा यांचा २००२ मधील ‘आतामायामा’ अधिक प्रामाणिक आहे. जुन्या राकुगो कथेतला कंजूष माणूस चेरीच्या बिया गिळतो, त्याच्या डोक्यावर झाड उगवते आणि आधुनिक टोकियोतील गर्दी त्या डोक्यावर फुले पाहायला येते. तेथेच पिते, कचरा टाकते. तो झाड उपटतो, तर खड्ड्याचे तळे होते आणि गर्दी पुन्हा हजर. अखेर तो आपल्याच डोक्यातील तळ्यात बुडतो. याला कंजूषपणाचे प्रायश्चित्त मानणे हा सोयीस्कर आळस आहे. १९८० च्या दशकातील सट्ट्याने टोकियोतील जमीन सामान्य पगारदाराच्या आवाक्याबाहेर नेली होती. जेथे वीतभर मोकळी जागाही विक्रीची वस्तू होते, तेथे गर्दीला बसण्यासाठी शेजाऱ्याची कवटीच उरते. आणि त्या कवटीचा धनी भर गर्दीत एकटा असतो!

जपान सरकारने २०२१ साली एकाकीपणाचा प्रश्न हाताळण्यासाठी मंत्री नेमला. २०२४ साली घरात एकट्याने मरण पावलेल्यांची पोलिसांकडील संख्या ७६,००० च्या वर होती. घरभाडे, कामाचे तास आणि कंत्राटी नोकरी यांना हात लावायचा नसेल, तर अशा मंत्र्याने नेमके करायचे तरी काय?