दांडी कुणाच्या मालकीची?

या विषयावर लिहितोय म्हटल्यावर स्टाफरूममध्ये एक सहकारी हसले. "सर, कौमसमोर एवढे प्रश्न आहेत आणि तुम्ही व्हिडिओ गेमच्या दांड्यांवर लिहिणार?" गेम खेळणं जायज की नाजायज, पोरांचा वेळ जातो की नाही, या वादात मी आज शिरत नाही. माझा प्रश्न साधा आहे. रोख पैसे मोजून घेतलेली वस्तू माझी असते की नसते? हा प्रश्न गेमपुरता राहिलेला नाही, पण तो सगळ्यात उघडा पडलाय तो गेममध्येच.

माझा भाचा मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात काम करतो. त्याला फायटिंग गेमचं वेड आहे. वर्षभर पैसे बाजूला टाकून त्याने सेकंडहँड फाइट स्टिक घेतली. ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगतो: मांडीवर मावेल अशी पेटी, डावीकडे गोल मुठीची दांडी, उजवीकडे आठ बटणं. जुन्या पार्लरमधल्या मशीनचा वरचा भाग कापून घरी आणावा तशी. तिच्यावर त्याचा हात बसला. मग घरात नवा कन्सोल आला आणि त्याने ती स्टिक ओळखलीच नाही. वायर तीच, भोक तेच, दांडी ठणठणीत. "मामू, खराब नहीं हुई, सिर्फ पहचानता नहीं," तो म्हणाला. दुकानदार म्हणाला, नव्या मशीनची नवी घ्या. कंपनीचं नाव मी लिहीत नाही, कारण हा रोग एका कंपनीचा नाही.

माझ्या वयाच्या वाचकांना आपली पार्लरं आठवत असतील. पत्र्याची टपरी, आत चार मशीनं, एका कॉइनवर एक डाव. 'मुस्तफा' हा गेम कोण विसरेल? त्याचं खरं नाव 'कॅडिलॅक्स अँड डायनासोर्स', कॅपकॉम कंपनीचा, १९९३चा. पण पिवळ्या टोपीच्या मुस्तफाच्या नावानेच तो भारतभर चालला, आणि मोहल्ल्यातल्या आम्हा पोरांना हिरोचं नाव आपलं असल्याचा केवढा अभिमान! शेजारच्या मशीनवर 'स्ट्रीट फायटर टू', नंतर 'किंग ऑफ फायटर्स ९७'.

पार्लरवाले भाई नवा गेम आणायचे तेव्हा नवं मशीन आणत नव्हते. मागची फळी उघडायची, जुना बोर्ड काढायचा, नवा बसवायचा. दांडी तीच, बटणं तीच, पडदा तोच. हे शक्य होतं, कारण जपानमधल्या गेम बनवणाऱ्यांच्या संघटनेने १९८०च्या दशकाच्या मध्यावर एक सामाईक जोडणी ठरवली होती. तिचं नाव 'जामा'. छप्पन्न टोकांचा एक कनेक्टर. कोणत्याही कंपनीचा बोर्ड असो, या जोडणीचा असला की त्या मशीनमध्ये बसायचा. 'स्ट्रीट फायटर टू'ला सहा बटणं लागत, तर जास्तीच्या बटणांसाठी एक वेगळी वायर जोडायची. एवढंच. बाजारात एकमेकांचे गळे धरणाऱ्या कंपन्या दांडीच्या बाबतीत एका ओळीत उभ्या होत्या. आमच्यासारख्या गावांत ती पार्लरं परवडली, त्यात या जोडणीचा मोठा वाटा होता.

आता आजचं पाहा. फाइट स्टिक म्हणजे तरी काय? दांडीखाली चार स्विच, प्रत्येक बटणाखाली एक स्विच. कुठला स्विच दाबला गेला, एवढंच तिला कन्सोलला सांगायचं असतं. त्यासाठी यूएसबीची ठरलेली भाषा आहे, ती कॉम्प्युटरला कळते. पहिल्या निन्टेंडो स्विचनेही वायरच्या कंट्रोलरकडे ओळखपत्र मागितलं नाही. पण प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्स मध्येच विचारतात, तुझ्याकडे परवाना आहे का? कंट्रोलरमध्ये कंपनीने मान्य केलेली चिप नसेल तर दार बंद. प्लेस्टेशन ४चा प्रकार तर गमतीचा होता. परवाना नसलेली स्टिक लावली की ती आठ मिनिटं छान चालायची, मग बंद. आठ मिनिटं जी चालते ती नवव्या मिनिटाला चालू शकत नाही, याला तांत्रिक कारण म्हणायचं?

परिणाम असा की एकाच कंपनीची एकच स्टिक दुकानात दोन अवतारांत मिळते, एक प्लेस्टेशनसाठी, एक एक्सबॉक्ससाठी. पेटी तीच, दांडी तीच, फरक चिपचा आणि खोक्यावरच्या शिक्क्याचा. मित्राकडे दुसरा कन्सोल असेल तर तुमची स्टिक तिथे बिनकामाची. यातली चांगली स्टिक दोनशे डॉलरला, तर रेझर कंपनीचं बिनदांडीचं, नुसत्या बटणांचं 'कित्सुने' तीनशे डॉलरला निघालं. आपल्याकडे पोचेपर्यंत त्यावर आणखी चढतात. आपल्या किती घरांचा महिन्याचा किराणा एवढ्यात येतो, हे मी सांगायला नको.

कंपन्या म्हणतात, नवं मशीन, नवं तंत्र, म्हणून जुनं चालत नाही. तीन गोष्टी या म्हणण्याला खोटं पाडतात.

पहिली. प्लेस्टेशन ३च्या स्टिक प्लेस्टेशन ४वर चालत नव्हत्या. सोनीने ते केलं नाही, पण 'स्कलगर्ल्स' बनवणाऱ्या लॅब झीरो या छोट्या कंपनीने स्वतः कोड लिहून त्या चालवून दाखवल्या. नंतर 'स्ट्रीट फायटर ५'नेही जुन्या स्टिक स्वीकारल्या. मूठभर माणसांना जमतं ते अवाढव्य कंपनीला जमत नाही, असं कसं मानायचं?

दुसरी. प्लेस्टेशन ४चा साधा कंट्रोलर प्लेस्टेशन ५च्या गेमला चालत नाही, कारण म्हणे नव्यात खास थरथर आणि खास ट्रिगर आहेत. पण तोच गेम रिमोट प्लेने मोबाइलवर किंवा कॉम्प्युटरवर घ्या, तोच जुना कंट्रोलर तिथे चालतो. लांबून चालतो, जवळून नाही! आणि फायटिंग गेमला त्या थरथरीची गरज तरी काय?

तिसरी. परवाना असलेल्या जुन्या स्टिक प्लेस्टेशन ५वर चालतील, असं सोनीने २०२०मध्ये सांगितलं. प्रत्यक्षात नव्या गेममध्ये ते गेम बनवणाऱ्याच्या मेहनतीवर अवलंबून राहिलं. 'गिल्टी गिअर स्ट्राइव्ह' आणि 'स्ट्रीट फायटर ६' यांनी जुन्या स्टिकना जागा दिली. म्हणजे दार उघडता येतं. उघडायचं की नाही हा मर्जीचा मामला आहे.

मायक्रोसॉफ्टला एक श्रेय द्यायला हवं. एक्सबॉक्स वनचे कंट्रोलर त्यांनी पुढच्या पिढीत, सिरीज एक्स आणि एसवर, चालू ठेवले. पण त्याच कंपनीने ऑक्टोबर २०२३मध्ये काय केलं? परवाना नसलेलं उपकरण लावलं की पडद्यावर सूचना येऊ लागली: हे अधिकृत नाही, दोन आठवड्यांनी बंद होईल. १२ नोव्हेंबरपासून ती बंद व्हायला लागली. तैवानच्या ब्रुक कंपनीचे बोर्ड आणि कन्व्हर्टर वापरणाऱ्या फायटिंग गेमच्या खेळाडूंना याचा मोठा फटका बसला. कालपर्यंत चालणारी, पैसे देऊन घेतलेली वस्तू दूर बसलेल्या कुणीतरी एका अपडेटने मारून टाकली. ज्यांच्या हातांना साधा कंट्रोलर पेलत नाही आणि जे कन्व्हर्टर लावून आपल्या सोयीचं काही बनवून घेतात, त्यांचाही विचार करा. अपंगांसाठी २०१८मध्ये खास कंट्रोलर काढून वाहवा मिळवणारी कंपनी हीच. ती वाहवा रास्त होती, म्हणूनच हे जास्त लागतं.

आता समोरच्याचं सगळ्यात वजनदार म्हणणं ऐकू. चीटिंग. काही कन्व्हर्टर बंदुकीच्या गेममध्ये आपोआप नेम धरायला मदत करतात आणि प्रामाणिक खेळाडू मार खातो. हे खरं आहे आणि त्याचा बंदोबस्त व्हायलाच हवा. वर्गात कॉपी होते हे मी वीस वर्षं पाहतोय. पण कॉपी पकडण्यासाठी पर्यवेक्षक फिरतो, पेपर बदलतो. शाळेच्याच दुकानातलं पेन घेतलं तरच पेपरला बसू देऊ, असं म्हणत नाही. जी शाळा असं म्हणेल तिला कॉपीची चिंता नाही, पेन विकायचं आहे.

फायटिंग गेमवाल्यांनी स्वतःचा पर्यवेक्षक कधीच नेमलाय. २०१९मध्ये जपानचा नामवंत खेळाडू दाइगो उमेहारा याने बिनदांडीचा, बटणांचा कंट्रोलर हाती घेतला. त्यात डावं-उजवं एकदम दाबून दांडीवाल्याला न मिळणारा फायदा घेता येत होता. वाद झाला आणि कॅपकॉमने आपल्या स्पर्धेत त्या कंट्रोलरला मनाई केली. पुढे नियम पक्के झाले: डावं आणि उजवं एकदम दाबलं तर दोन्ही रद्द धरायचं. तो नियम पाळणारा बटणांचा कंट्रोलर आज सर्रास चालतो, मग तो कुणी बनवला हे कुणी विचारत नाही. इन्साफ असा असतो. वस्तू काय करते ते तपासा, ती कुणाच्या दुकानातली हे नाही.

मी उर्दू शिकवतो, म्हणून मला कातिब आठवतात. प्रत्येक कातिब आपल्या कलमेचा कत स्वतः द्यायचा, आपल्या हाताच्या वळणाप्रमाणे. दुसऱ्याची कलम त्याला चालायची नाही. फायटिंग गेमवाल्याचंही तेच. तिथे सेकंदाचे साठ भाग पडतात आणि एका भागाची चूक डाव घालवते. त्यामुळे हात दांडीवर वर्षानुवर्षं घडतो. कागद बनवणाऱ्याने उद्या म्हटलं की आमच्या शिक्क्याची कलम नसेल तर शाई उमटणार नाही, तर कातिबाचं फक्त कलमेचं नुकसान होईल का? त्याच्या हाताचंही होईल.

आपल्या दीनमध्ये खरेदी-विक्रीची शिकवण स्पष्ट आहे. बाजारात धान्याच्या राशीत हुजूरांनी हात घातला, वरून कोरडी, आत ओल लागली, तो प्रसंग आपण सगळ्यांनी लहानपणी मकतबमध्ये ऐकलाय. पावसाने भिजलं म्हणून विक्रेत्यावर राग नव्हता. ओल खाली लपवली होती, त्याबद्दल त्याला खडसावलं गेलं. लपवलेला दोष निघाला तर वस्तू परत करण्याचा हक गिऱ्हाइकाला फिकहने दिला आहे. मग खोक्यावर चकचकीत चित्र छापायचं आणि 'ही पुढच्या मशीनवर चालेलच असं नाही, आम्ही ती कधीही बंद करू शकतो' ही ओल खाली ठेवायची, याला काय म्हणायचं?

म्हणून माझी मागणी तीन कलमांची. एक, कोणत्या कन्सोलवर चालेल आणि कुठे चालणार नाही हे खोक्याच्या दर्शनी बाजूला ठळक छापा. दोन, विकताना जे चालत होतं ते अपडेटने बंद कराल तर पैसे परत द्या. तीन, वायरच्या कंट्रोलरसाठी 'जामा'सारखी एक सामाईक, बिनपरवान्याची जोडणी ठरवा. हे स्वप्न नाही. युरोपियन युनियनने कायदा केला आणि २०२४च्या अखेरीपासून तिथे विकायच्या मोबाइलला एकच चार्जिंगचं भोक सक्तीचं झालं. तोवर तेही 'तांत्रिक कारणांनी अशक्य' होतं.

आपण एवढं तर करू शकतो. घेण्याआधी दुकानदाराला विचारा आणि त्याचं उत्तर बिलावर लिहून घ्या. फसवणूक झाली तर आपल्याकडे २०१९चा ग्राहक संरक्षण कायदा आहे, १९१५ ही ग्राहक हेल्पलाइन आहे. 'पोरांचं खेळणं आहे, जाऊ दे' म्हणून सोडू नका. आज खेळण्याच्या बाबतीत जे सोडाल ते उद्या शिलाई मशीन आणि ट्रॅक्टरच्या बाबतीत सोडावं लागेल.

भाच्याने ती स्टिक विकली नाही. एका रात्री उघडली, आतला बोर्ड काढला आणि रास्पबेरी पाय पिको नावाचा इवलासा बोर्ड बसवला. २०२१मध्ये चार डॉलरला निघालेला. त्यावर चालणारं सॉफ्टवेअर जगभरातल्या खेळाडूंनी मिळून लिहिलंय आणि फुकट वाटलंय. स्टिक आता कॉम्प्युटरवर झकास चालते. दांडी त्याची आहे, बोर्ड त्याचा आहे, हात तर त्याचाच आहे. महागडा कन्सोल मात्र अजून तिला ओळखत नाही, आणि त्याचेही पैसे भाच्यानेच भरलेत.