जलद गाडीनें एका दिवसाची सहल

सहलीचा विषय निघाला कीं वर्गांत आनंदाची लाट उसळते आणि घरीं खर्चाची बेरीज सुरू होते. हीं दोन्ही दृश्यें आमच्या चांगल्या परिचयाचीं आहेत. अलीकडे त्यांत एका नव्या मागणीची भर पडली आहे. ‘यंदां वंदे भारत गाडीनें जाऊं, पहाटे निघूं, शहर पाहूं आणि रात्रीं घरीं परत येऊं’, असें विद्यार्थी म्हणतात. पुष्कळ पालकांनाही ही योजना सोयीची वाटते. मुक्कामाची काळजी नाहीं, अंथरूण-पांघरूण बांधावयास नको, शहर दाखविण्यास माहीतगार मार्गदर्शक बरोबर, आणि रात्रीं मूल आपल्या घरीं. या योजनेविषयीं आमचें मत आम्ही येथें मोकळ्या मनानें मांडीत आहों.

प्रथम वस्तुस्थिति पाहूं. मुंबई ते मडगांव ही वंदे भारत गाडी २७ जून २०२३ रोजीं सुरू झाली. ती पेणवरून जाते, रोह्यावरून जाते. आमचे विद्यार्थी रुळांपलीकडून तिला हात करतात. परंतु ती सुरू झाली तेव्हां तिच्या थांब्यांच्या यादींत पनवेलनंतर एकदम खेडचें नांव होतें. म्हणजे रत्नागिरीस जाणाऱ्या पेणच्या मुलानें आधीं सुमारें ३५ किलोमीटर, आणि रोह्याच्या मुलानें सुमारें ७५ किलोमीटर उलट दिशेनें पनवेलला जावयाचें, तेथें या गाडींत बसावयाचें, आणि मग कांचेआडून आपलेंच गांव मागें पळतांना पाहावयाचें! त्या वेळच्या वेळापत्रकाप्रमाणें पावसाळ्याखेरीजच्या दिवसांत ही गाडी सकाळीं साडेसहाच्या सुमारास पनवेल सोडी व पावणेदहाच्या सुमारास रत्नागिरीस पोंचे. परतीची गाडी संध्याकाळीं पावणेसहाच्या सुमारास रत्नागिरीहून निघून रात्रीं नऊच्या सुमारास पनवेलला येई. या हिशेबानें रत्नागिरींत आठ तास मिळतात. पावसाळ्यांत कोंकण रेल्वेच्या गाड्या सावकाश चालतात व त्यांच्या वेळा बदलतात. तेव्हां ही सहल हिंवाळ्यांतच काढणें शहाणपणाचें.

वेगाची निंदा करणें हा आमचा हेतु नाहीं. ज्या जिल्ह्यानें प्रवासाचे हाल सोसले, त्यानें तरी ती करूं नये. १९८१ सालीं रायगड हें नांव मिळण्यापूर्वीं हा जिल्हा कुलाबा म्हणून ओळखला जाई, आणि त्या काळीं येथील पुष्कळांचा मुंबईचा मार्ग समुद्रावरून होता. १७ जुलै १९४७ रोजीं भाऊच्या धक्क्यावरून रेवसकडे निघालेली ‘रामदास’ बोट उलटली आणि सहाशेंहून अधिक माणसें प्राणांस मुकलीं. रोह्यापर्यंत रेल्वे आली ती १९८६ सालीं. कोंकण रेल्वे महामंडळ १९९० सालीं स्थापन झालें आणि रोह्यापासून मंगळूरजवळच्या ठोकूरपर्यंतचा सुमारें ७४० किलोमीटरांचा सारा मार्ग २६ जानेवारी १९९८ रोजीं खुला झाला. आजोबांस ज्या रत्नागिरीस जाण्यासाठीं बोटीची किंवा घाटवळणांची यातायात करावी लागे, तेथें नातू पनवेलहून सव्वातीन तासांत पोंचतो. हें भाग्य सामान्य नव्हे.

परंतु हा वेग येतो कोठून, हें समजून घेतलें पाहिजे. वंदे भारत गाडीस पुढें वेगळें इंजिन नसतें. विजेच्या मोटारी तिच्या डब्यांखालींच वांटून बसविलेल्या असतात, त्यामुळें ती चटकन् गति घेते. ताशीं १६० किलोमीटर धावण्याची शक्ति तिच्यांत आहे. तरीही पनवेल ते रत्नागिरी हें सुमारें पावणेतीनशें किलोमीटरांचें अंतर सव्वातीन तासांत तोडतांना तिची सरासरी ताशीं ८५ किलोमीटरच पडते. मुंबई–अहमदाबाद बुलेट ट्रेनसाठीं ठरविलेली ताशीं ३२० किलोमीटरांची गति हिच्याजवळ नाहीं. मग ही जलद कां? एक तर ती थोड्याच ठिकाणीं थांबते. आणि दुसरें असें कीं, तिच्यासाठीं इतर गाड्या थांबतात. वीर स्टेशनच्या पुढें कोंकण रेल्वेचा बहुतेक मार्ग एकेरी आहे. जलद गाडी यावयाची असली कीं साधी पॅसेंजर बाजूच्या रुळावर उभी राहते, आणि तिच्यांतील माणसें खिडकीशीं बसून वाट पाहतात. एकाचा वांचलेला वेळ हा बऱ्याच अंशीं दुसऱ्यानें थांबून दिलेला वेळ असतो. असा वेळ हातीं आल्यावर तो कसा खर्चावा, हा प्रश्न क्षुल्लक नाहीं.

ही गाडी सुरू झाल्यानंतरच्या एका हिंवाळ्यांत आम्ही अशाच एका सहलीबरोबर रत्नागिरीस गेलों होतों. यादींत सात स्थळें होतीं: लोकमान्य टिळकांचें जन्मस्थान, पतितपावन मंदिर, थिबा राजवाडा, रत्नदुर्ग, दीपगृह, मत्स्यालय आणि भाट्याचा किनारा. आठ तास आणि सात स्थळें. त्यांतून जेवण व हजेरी वजा करा! मार्गदर्शक हुशार होता, सनावळ्या त्याला तोंडपाठ होत्या. थिबा राजवाड्यांत त्यानें ब्रह्मदेशच्या राजाचें नांव, सालें आणि वाड्याची बांधणी सांगून संपविली व तो दाराकडे वळला. तेवढ्यांत आठवींतील एका मुलीनें विचारलें, ‘काका, राजाला येथून जो समुद्र दिसत असेल, तो त्याच्या देशाकडे जातो का हो?’ मार्गदर्शकानें घड्याळ पाहिलें. आम्हींही पाहिलें. ‘पुढें चला, अजून किल्ला राहिला आहे’, हे शब्द मार्गदर्शकाचे नव्हेत. ते आमचे होते. मुलगी निमूटपणें रांगेंत शिरली. किल्ला पाहून झाला, मत्स्यालय पाहून झालें. परंतु त्या मुलीनें दिवसभरांत पुन्हां एकही प्रश्न विचारला नाहीं.

त्या प्रश्नांत केवढें होतें, याचा विचार आम्हीं पुढें पुष्कळ वेळां केला. इंग्रजांनीं १८८५ सालीं ब्रह्मदेशचें राज्य घेतलें, राजा थिबा यास पदच्युत केलें आणि १८८६ सालीं रत्नागिरीस आणून ठेवलें. हा वाडा पुरा झाला १९१० सालीं. तोंवर राजानें चोवीस वर्षें दुसऱ्या बंगल्यांत काढलीं होतीं. वाड्यांत तो जेमतेम सहा वर्षें राहिला आणि १९१६ सालीं रत्नागिरींतच वारला. वाडा उंचावर आहे. जवळच्या कड्यावरून भाट्याची खाडी आणि तिच्या पलीकडचा समुद्र दिसतो. पण तो समुद्र पश्चिमेचा. राजाचा देश पूर्वेस, सगळा हिंदुस्थान ओलांडून बंगालच्या उपसागराच्या पैलतीरीं. राजा समुद्राकडे तोंड करून बसला असेल, तर त्याची पाठ स्वदेशाकडे होती! आणि याच इंग्रजांनीं दिल्लीचा बहादुरशहा जफर यास १८५८ सालीं ब्रह्मदेशांत रंगूनला नेऊन ठेवलें होतें; तो १८६२ सालीं तेथें वारला. दिल्लीचा बादशहा ब्रह्मदेशांत आणि ब्रह्मदेशचा राजा कोंकणांत, हा इतिहासाचा केवढा धडा! एक नकाशा आणि दहा मिनिटें असतीं, तर तो धडा त्या मुलीला स्वतःच्या बोटानें सांपडला असता. तीं दहा मिनिटें आम्हांजवळ नव्हतीं. कारण जलद येऊन वांचविलेला सारा वेळ आम्हीं यादी लांबविण्यांत घालविला होता.

आमच्या मतें या प्रश्नाचें मर्म येथें आहे. जलद जावें तें अधिक वेळ थांबतां यावें म्हणून. अधिक स्थळें उरकतां यावींत म्हणून नव्हे.

यासाठीं पहिली सूचना अशी कीं, एका दिवसांत दोनच स्थळें घ्यावीं. सकाळीं थिबा राजवाडा घेतला तर दुपारीं टिळकांचें जन्मस्थान किंवा पतितपावन मंदिर घ्यावें. लोकमान्यांचा जन्म २३ जुलै १८५६ रोजीं ज्या घरांत झाला, तेथें तासभर बसून वहींत घराचा आराखडा काढणारा मुलगा तें घर जन्मभर विसरणार नाहीं. पतितपावन मंदिर १९३१ सालचें. देवळांचीं दारें सर्वांस उघडीं नव्हतीं त्या काळीं सावरकरांच्या प्रेरणेनें व भागोजीशेठ कीर यांच्या पैशानें सर्व जातींसाठीं एक देऊळ कां उभें राहिलें, एवढा एकच प्रश्न एका दुपारीस पुरून उरतो.

दुसरी सूचना मार्गदर्शकाविषयीं. त्याला दोष देण्यांत अर्थ नाहीं; आपण यादी देतों आणि तो ती पुरी करतो. सहलीच्या आठवडाभर आधीं प्रत्येक विद्यार्थ्यानें त्या स्थळाविषयीं थोडें वाचून एक प्रश्न लिहावा, ते प्रश्न मार्गदर्शकाकडे पाठवावे, आणि अर्धा वेळ त्याच्या सांगण्यासाठीं व अर्धा मुलांच्या विचारण्यासाठीं राखून ठेवावा. चांगला वाटाड्या वाट दाखवितो. आपल्या ऐवजीं चालत नाहीं.

तिसरी सूचना प्रवासाविषयीं. गाडींत बसल्यावर मोबाईल बाहेर काढणें म्हणजे तिकिटाचे अर्धे पैसे वायां दवडणें होय. पेणजवळची भोगावती, नागोठण्याची अंबा, मग कुंडलिका, सावित्री, जगबुडी, वाशिष्ठी आणि शास्त्री या नद्या क्रमानें ओळखाव्या. सह्याद्रींत उगम पावून पश्चिमेस धावणाऱ्या या नद्यांनीं कोंकण कसें कापलें आहे, तें नकाशापेक्षां त्या पुलांवरून चांगलें कळतें. रत्नागिरीच्या अलीकडे करबुड्याचा बोगदा लागतो. त्याची लांबी साडेसहा किलोमीटर आहे. त्यांत शिरतांना व बाहेर पडतांना घड्याळ पाहावें. चार मिनिटें लागलीं तर गाडीची गति ताशीं साडेसत्त्याण्णव किलोमीटर झाली. गणिताचा याहून जिवंत तास कोणत्या वर्गांत मिळेल?

आमचें म्हणणें कोणास कडक वाटल्यास त्यानें क्षणभर उलट बाजूनें पाहावें. पेणचे गणपति पाहावयास बाहेरगांवचीं माणसें गाड्या करून येतात. साच्यांतून निघालेली कोरी मूर्ति, तिच्यावर फिरणारा कुंचला, आणि सर्वांत शेवटीं अतिशय जपून रेखले जाणारे डोळे, हें सारें ज्या घरांतील मुलें लहानपणापासून पाहत आलीं, त्यांच्या अंगणांत कोणी वीस मिनिटें उभें राहून छायाचित्र काढून ‘पेण पाहून झालें’ म्हणाला, तर आपणांस काय वाटेल? तेंच रत्नागिरीकरांस आपल्याविषयीं वाटूं देऊं नये.

आतां शेवटची आणि आमच्या दृष्टीनें सर्वांत महत्त्वाची गोष्ट. या जलद गाडीस अनारक्षित डबा नाहीं; प्रत्येकाचें आसन आधीं पैसे भरून राखावें लागतें, आणि साध्या गाडीपेक्षां हें भाडें बरेंच अधिक असतें. प्रत्येक वर्गांत एक-दोन मुलें अशीं असतात कीं, तीं संमतिपत्र घरीं दाखवीतच नाहींत. विचारलें तर ‘मला गाडी लागते’, असें सांगतात. बापाच्या खिशाची अडचण झांकण्यासाठीं मुलानें बोललेलें हें खोटें ज्यास ओळखतां येत नाहीं, त्यानें सहल काढण्याच्या भरीस पडूं नये. एकेरी रुळावर पॅसेंजर थांबते तसें हें मूल त्या दिवशीं घरीं थांबतें, आणि बाकीचा वर्ग पुढें निघून जातो. दुसऱ्या दिवशीं वर्गांत सर्वजण एकाच गोष्टीविषयीं बोलतात आणि तें खिडकीबाहेर पाहत बसतें.

म्हणून सधन पालकांस आमची विनंती आहे कीं, सहलीच्या वर्गणींत आपलें नांव न लावतां थोडी भर घालावी. तेवढ्यानें न भागलें, तर त्या वर्षीं जलद गाडीचा हट्ट सोडावा. रोह्याहून दिव्याकडे जाणारी साधी गाडी पेणलाही थांबते आणि दिव्यास मुंबईची लोकल मिळते. मुंबईंत १९२२ सालीं खुलें झालेलें वस्तुसंग्रहालय आहे. आज तें छत्रपति शिवाजी महाराजांच्या नांवानें ओळखलें जातें. तेंही नको असेल, तर पेण तालुक्यांतच गागोदें आहे. ११ सप्टेंबर १८९५ रोजीं विनोबा तेथें जन्मले. सर्वांनीं मिळून सावकाश पाहिलेलें गागोदें हें निम्म्यांनीं धांवत पाहिलेल्या रत्नागिरीपेक्षां आम्ही अधिक मोलाचें समजूं.

विद्यार्थिमित्रहो, जलद गाडीनें जरूर जा. वेग हा तुमच्या काळाचा हक्क आहे. मात्र निघतांना आपल्या बाजूचें आसन रिकामें कां आहे, हें एकदां विचारा. आणि पोंचल्यावर मनांत प्रश्न उठला, तर घड्याळाकडे न पाहतां तेथेंच थांबा. आठवींतील त्या मुलीचें उत्तर आम्ही अजून देणें लागतों. यंदांच्या सहलीच्या पिशवींत सर्वांत आधीं नकाशा पडेल, एवढें वचन आम्ही आज देऊन ठेवतों.