एक्स्ट्रा कांदा

"बॉस, थोडा कांदा एक्स्ट्रा!"

हॉटेलात बसल्यावर हे वाक्य आपण किती वेळा टाकतो, याचा हिशेब कुणी ठेवलाय? टिक्क्याची प्लेट चारशेची, मॉकटेलचे वेगळे, वर जीएसटी. बिल आलं की फोनमधला कॅल्क्युलेटर काढायचा आणि पाच जणांत भागायचं. त्या बिलात कांदा कुठेच नसतो. तो मागायचा असतो, ऑर्डर करायचा नसतो. टिश्यूपेपर आणि बडीशेपेच्या पंगतीतला गडी!

तर मंडळी, या आठवड्यात या फुकटच्या गड्याला जरा प्रमोशन देऊ या. गच्चीवरच्या शेगडीवर, नाहीतर नुसत्या ग्रिल पॅनवर आपण वीकएण्डला जे काही भाजतो, म्हणजे पनीर, चिकन, सुरमई, मशरूम, मक्याचं कणीस, त्याच्या शेजारी वाटीत ठेवायचं कांद्याचं रेलिश. मंद आचेवर तासभर परतून मऊ, तपकिरी झालेला कांदा. त्यात थोडा गूळ, थोडं व्हिनेगर, थोडं तिखट. लोणच्याइतकं खारट नाही, जॅमइतकं गोड नाही. मधलंच काहीतरी, पण एकदम सही.

भाजलेल्या पदार्थाला कांदाच का लागतो? निखाऱ्यावरचा पदार्थ बाहेरून कोरडा होतो. त्याला धुराचा वास लागतो, कडा किंचित करपतात, हलका कडवटपणा येतो. चव भारीच, पण एकसुरी. चौथ्या घासाला जीभ काहीतरी ओलं, आंबटगोड मागायला लागते. जगात बऱ्याच ठिकाणी ही मागणी कांद्यानेच भागवलीय. तुर्कस्तानात अदाना कबाबबरोबर सुमाक चोळलेला कांदा येतो. अर्जेंटिनात आसादोबरोबर कांदा, टोमॅटो आणि ढोबळी मिरचीची 'साल्सा क्रिओला'. सेनेगलमध्ये तर कोंबडी कांदा-लिंबात मुरवून भाजतात आणि पुन्हा त्याच कांद्यात शिजवतात. त्याला म्हणतात 'यासा'.

आणि आपण? पिठलं-भाकरीबरोबर बुक्कीने फोडलेला कांदा, तंदुरीबरोबर चकत्या, आणि कांदा-खोबऱ्याच्या वाटणासाठी थेट जाळावर काळा केलेला अख्खा कांदा. थोडक्यात, कांद्याचं महत्त्व आपल्याला कुणी सांगायला नको. आपल्याकडे कमी आहे ती एकच गोष्ट: वेळ.

दहा मिनिटांचा झोल

कुठलीही रेसिपी उघडा. 'कांदा छान तपकिरी होईपर्यंत परता, साधारण ५ ते १० मिनिटं.' धादांत थाप! २०१२ साली अमेरिकेतल्या 'स्लेट' या नियतकालिकात टॉम स्कोका या पत्रकाराने यावर एक झणझणीत लेखच लिहिला होता. पाककृती लिहिणारे कांद्याच्या वेळेबाबत सरळसरळ खोटं बोलतात, खरा आकडा पाऊण तासाच्या घरात जातो, असं त्याचं म्हणणं. तो लेख गाजला, आणि रेसिप्या मात्र आजही दहा मिनिटांवरच अडून आहेत.

यामागचं विज्ञान सोपं आहे. कांद्यात जवळपास ८९ टक्के पाणी असतं. कढईत ते पाणी आहे तोवर कांद्याचं तापमान १०० अंशांच्या फारसं वर जात नाही. म्हणजे तोवर कांदा परतला जात नसतो, उकडला जात असतो. पाणी उडालं की मग कांद्यातली साखर आणि अमिनो आम्लं यांचं जुळतं आणि तो खमंग तपकिरी रंग येतो. लुई-कामिय मायार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ मध्ये या प्रक्रियेचं वर्णन केलं, म्हणून ती 'मायार अभिक्रिया'. भाकरीवरचे डाग, पावाची कड, कॉफीचा वास, सगळी त्याचीच कृपा.

शॉर्टकट आहेत की! आच मोठी करा, कांदा बाहेरून करपेल आणि आतून कच्चा राहील. चिमूटभर खायचा सोडा घाला, रंग झटपट येईल, पण कांद्याचा लगदा होईल आणि साबणासारखी चव मागे राहील. अॅपवर टिचकी मारली की दहा मिनिटांत कांदा दारात येतो हो, पण तोच कांदा दहा मिनिटांत तयार होत नाही. त्याला तुमचा एक तास हवाच.

घ्या लिहून

साहित्य: एक किलो कांदे, तीन मोठे चमचे तेल, एक छोटा चमचा मीठ, दोन मोठे चमचे किसलेला गूळ, पाच मोठे चमचे व्हिनेगर, एक छोटा चमचा भरड कुटलेली मोहरी, अर्धा छोटा चमचा मिरपूड, बिया काढलेल्या दोन सुक्या लाल मिरच्या, एक तमालपत्र.

कांदे सोलण्याआधी अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवा आणि सुरीला धार लावून घ्या. कांदा चिरताना एक विकर कामाला लागतं आणि डोळ्यांना झोंबणारा वायू तयार होतो. हे विकर नेमकं कोणतं, हे जपानी संशोधकांनी २००२ मध्ये शोधून काढलं (२०१३ मध्ये त्यांना त्यासाठी गमतीचं 'इग नोबेल'ही मिळालं). थंडीत ते विकर आळसावतं. धारदार सुरीने कांदा कमी चेंगरतो, त्यामुळे रडारडही कमी होते.

कांदा उभाच चिरा, फार पातळ नको. उभ्या चिरलेल्या फोडी तासाभरानेही आपला आकार धरून राहतात. आडवा चिरलात तर विरघळून जाईल.

कढई पसरट आणि जाड बुडाची घ्या. नॉनस्टिकमध्ये बुडाला जो तपकिरी थर धरायला हवा तो नीट धरत नाही, आणि खरी चव तर त्यातच असते. तेल तापलं की मोहरी, मिरच्या, तमालपत्र, मग सगळा कांदा आणि मीठ. कढई काठोकाठ भरेल. घाबरू नका. झाकण ठेवून दहा मिनिटं मध्यम आच. मीठ पाणी सोडायला लावतं, कांदा बसतो आणि बघता बघता निम्मा होतो.

आता झाकण काढा, आच मंद करा. दर तीन-चार मिनिटांनी ढवळा. अर्ध्या तासाला कांदा फिकट सोनेरी दिसेल आणि 'झालं की!' असं वाटेल. झालेलं नाही. इथेच बहुतेक लोक गॅस बंद करतात. थांबा. इथून पुढच्या वीस मिनिटांतच सगळी गंमत आहे. बुडाला तपकिरी थर धरायला लागला की दोन चमचे पाणी शिंपडा, खरवडून तो कांद्यात मिसळा. पुन्हा थर, पुन्हा पाणी. असं चार-पाच वेळा. एका सिरीजचा अख्खा एपिसोड आरामात बसतो यात, फक्त तो ओट्यापाशी उभं राहून बघायचा.

कांदा गडद बदामी झाला की गूळ, मिरपूड आणि व्हिनेगर घाला. व्हिनेगर आधी नको बरं का! आंबटामुळे कांदा लवकर मऊ होत नाही आणि रंगही उशिरा धरतो. आठ-दहा मिनिटं आटवा. चमचा ओढल्यावर कढईच्या बुडाला वाट उमटली आणि ती लगेच बुजली नाही, की गॅस बंद.

किलोभर कांद्याचं जे उरतं, ते जेमतेम एका मध्यम बरणीत मावतं. पहिल्यांदा बघणारा हमखास विचारतो, "एवढंसंच?"

आमचे निफाडकर

कांदा कोणता घ्यायचा, हे मला माझ्या फ्लॅटमेटने शिकवलं. हा निफाडचा. नोकरी हिंजवडीत, सॉफ्टवेअर टेस्टिंगमध्ये, घरी दोन एकर कांदा. त्याच्या मते ऑक्टोबरपासून येणारा लाल कांदा पाणीदार, तो भाजीला आणि भज्यांना. रेलिशला उन्हाळ कांदा. मार्च ते मेमध्ये निघतो, कोरडा असतो, चाळीत दिवाळीच्या आसपासपर्यंत टिकतो. पाणी कमी म्हणजे आपली कढईसमोरची पाच-दहा मिनिटंही वाचतात. अलिबागचा पांढरा कांदा, ज्याला २०२२ मध्ये जीआय मानांकन मिळालं, तो आहे मुळातच गोड. त्याला कढईत घालणं हा त्याच्या मते गुन्हा. तो कच्चाच खायचा.

कांदा ऐंशी रुपये किलो झाला की ऑफिसात या पठ्ठ्याची फुल टू खेचली जाते. "काय मग निफाडकर, नवी गाडी कधी?" तोही हसतो. भाव पडतो तेव्हा मात्र कुणी काही विचारत नाही, कारण आपल्याला ते कळलेलंच नसतं. कांदा महाग झाला की ती बातमी होते, स्वस्त झाला की ती आपली सोय होते. फेब्रुवारी २०२३ मध्ये बार्शी तालुक्यातल्या एका शेतकऱ्याने सोलापूरच्या बाजारात ५१२ किलो कांदा विकला. गाडीभाडं, हमाली, तोलाई वजा जाऊन त्याच्या हातात पडला दोन रुपयांचा चेक. तोही पुढच्या तारखेचा! त्याच वर्षी डिसेंबरमध्ये निर्यातबंदी आली, ती उठली मे २०२४ मध्ये. हे सगळे आकडे मला निफाडकराकडून कळले. तो ते क्रिकेटच्या स्कोअरसारखे धडाधड सांगतो, पण आवाज न चढवता.

भाव पडला की त्याच्या घरून ट्रॅव्हल्सच्या गाडीने अर्धी गोणी कांदा येतो. "विकून काय मिळणार, पोरं तरी खातील," असं त्याचे आण्णा म्हणतात. तिघांच्या फ्लॅटमध्ये पंचवीस किलो कांदा! आमच्याकडे हे रेलिश सुरू झालं ते त्यातूनच.

गेल्या मे महिन्यात आण्णा एका लग्नासाठी पुण्यात आले होते. रात्री गच्चीवर शेगडी पेटवली, पनीर आणि कणसं भाजली, शेजारी रेलिशची बरणी. आण्णांनी बोटावर घेऊन चाखलं. "कांदाच आहे ना?" मग बरणी उजेडात धरून बघितली आणि विचारलं, "दुकानात मिळतं का असं?" म्हटलं, मिळतं, परदेशी, छोटीशी बरणी, किंमत तीन आकडी. आण्णांनी मनातल्या मनात काहीतरी हिशेब केला. काही बोलले नाहीत. कणसाला आणखी एक चमचा लावून घेतला. निफाडकराने विषय बदलून लग्नातल्या जेवणावर नेला.

बरणी उघडल्यावर

रेलिश पूर्ण गार झाल्यावर स्वच्छ, कोरड्या काचेच्या बरणीत भरा आणि फ्रिजमध्येच ठेवा. हे लोणचं नाही. लोणच्याला मुबलक मीठ आणि तेल राखतं, इथे ते तेवढं नसतं, त्यामुळे ओट्यावर ठेवायचं नाही. दोन आठवड्यांत संपवा, दर वेळी कोरडा चमचा.

आणखी एक. पदार्थ शेगडीवर असताना त्याला रेलिश लावू नका. त्यात साखर आहे, निखाऱ्यावर ती लगेच जळते. भाजून झाल्यावर, गरम असतानाच वरून घाला. कणसाला लिंबू-तिखटाऐवजी लावून बघा. सोमवारी डब्यात पोळीच्या रोलमध्ये, मंगळवारी ऑम्लेटवर, बुधवारी चीज टोस्टमध्ये. गुरुवारपर्यंत बरणी राहिली तर मला कळवा!

आणि उन्हाळ कांद्याच्या दिवसांत सोसायटीच्या गेटवर शेतकऱ्याचा टेम्पो लागला, तर दोन किलोऐवजी पाच किलो घ्या. तो सांगेल त्या भावाने घ्या. रविवारचा एक तास काढून ठेवा, कृती वर दिलेलीच आहे.