जागा बाईची, कागद घरच्यांचे. अपात्रतेचा फटका मात्र बाईलाच

सरपंचपद महिलेसाठी राखीव निघालं की पारावर पहिला प्रश्न येतो, "कुणाच्या मंडळीला उभं करायचं?" कोणत्या बाईला उभं राहायचंय, हे फारसं कुणी विचारत नाही.

७३ वी घटनादुरुस्ती १९९३ मध्ये लागू झाली आणि पंचायतीत महिलांना एक तृतीयांश जागा मिळाल्या. महाराष्ट्रात २०११ मध्ये हे आरक्षण ५० टक्के झालं. खुर्ची मिळाली, पण ती टिकवणारे कागद अनेकदा बाईच्या हातात नसतात.

पहिला कागद जातपडताळणीचा. लग्नानंतर नाव सासरचं, पण जातीचा पुरावा माहेरचा. वडील-आजोबांचे शाळेचे दाखले, जुन्या महसुली नोंदी लागतात. ओबीसींसाठी पुरावा १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा हवा. शाळेच्या दाखल्यावर एक नाव, आधारवर दुसरं. माहेरच्यांनी कागद द्यायला टाळाटाळ केली, तर बाई अडकलीच. वैधता प्रमाणपत्र मुदतीत आलं नाही, तर राखीव जागेवर जिंकलेलं पदही जातं.

दुसरा प्रश्न घराचा. सरकारी जागेवर अतिक्रमण असेल तर सदस्य अपात्र ठरतो. अतिक्रमण घरातल्या दुसऱ्याने केलं आणि सदस्य ती जागा वापरत असेल, तरी सुटका नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितलं. नमुना ८ वर नाव सासऱ्याचं, पद मात्र सुनेचं जाणार.

याच नियमाचं हत्यारही होतं. जळगाव जिल्ह्यातल्या विचखेड्याच्या महिला सरपंच सासूसोबत सरकारी जागेवरच्या घरात राहतात, अशी तक्रार झाली. आपण वेगळं, भाड्याच्या घरात राहतो, असं त्यांचं म्हणणं होतं. तरी त्या अपात्र ठरल्या. सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पद परत दिलं. बाई सरपंच झाली, हेच गावकऱ्यांच्या पचनी पडलं नव्हतं, असं न्यायालयाचं निरीक्षण होतं. पण दिल्लीपर्यंत लढायची ऐपत किती जणींची?

तिसरी अट अपत्यांची. १२ सप्टेंबर २००१ नंतर तिसरं मूल झालं असेल तर अपात्रता. मुलगा हवा म्हणून हट्ट घरच्यांचा, पण बाद होते ती बाई.

शेवटचा कागद खर्चाच्या हिशेबाचा. निकालानंतर ३० दिवसांत तो द्यावा लागतो. प्रचाराचा पैसा नवरा किंवा पॅनलप्रमुख खर्च करतो, हिशेबावर सही मात्र तिची. तो दिला नाही तर ५ वर्षांपर्यंत निवडणूक लढवता येत नाही.

म्हणून उभं राहायचा विचार असणाऱ्या बाईने सोडतीची वाट बघू नये. माहेरचे दाखले, विवाह नोंदणी आणि घराचा नमुना ८ आत्ताच काढून बघावा, नावातला फरक दुरुस्त करून घ्यावा. अर्जाचे चार दिवस सुरू झाले की हे कागद दुसऱ्यांच्या मर्जीवर जातात. तिथून पुढे उमेदवारीही त्यांच्याच मर्जीची होते.