घरातील कापूस आणि दिव्याभोवतीचा पतंग

अमरावती व अकोला या जिल्ह्यांत दिवेलागणीनंतर घरात फिरणाऱ्या लहान करड्या पतंगाकडे कोणी फारसे लक्ष देत नाही. ज्या घरात कापसाचा ढीग आहे तेथे मात्र त्याची उपेक्षा करणे योग्य नव्हे. गुलाबी बोंडअळी दोन सरक्या एकमेकींस चिकटवून त्यांत महिनोन् महिने सुप्त राहते व पुढे पतंग होऊन बाहेर पडते. भर उन्हाळ्यात निघालेले पतंग पाते-फूल न मिळाल्याने वाया जातात. परंतु मृगापूर्वी लावलेली कपाशी लवकर पात्यावर आली, की उशिरा निघालेल्यांस आयता आसरा मिळतो.

2006 साली आलेल्या दोन जनुकांच्या बीटी वाणांसही ही अळी पुढे दाद देईनाशी झाली आणि 2017 मध्ये विदर्भात तिने मोठी हानी केली. तेव्हापासून फरदड घेऊ नये हा उपदेश गावोगाव होतो व तो रास्तच आहे. घरातील कापसाविषयी मात्र ‘लवकर विका’ एवढे सांगून भागत नाही. 2022-23 च्या हंगामात अनेकांनी कापूस घरी ठेवला तो भावाच्या आशेने. हौसेने कोणी आपले झोपण्याचे घर कापसाने भरीत नाही! अशा घरी कार्यकर्त्याने कामगंध सापळा स्वतः टांगावा आणि त्यात सापडलेले नर पतंग शेतकऱ्यास दाखवावेत. शेतातील सापळ्यात सतत तीन रात्री आठ-आठ पतंग येईपर्यंत थांबण्यापेक्षा हे बरे. ढीग उचलल्यावर खाली राहिलेली किडकी सरकी व कवडी त्याच दिवशी जाळावी.