गादी सुटली, वसुली सुटली का?



वसई-विरारकडे गेलो की आटपाडीकडची, माणदेशातली माणसे आम्हाला हटकून भेटतात. ज्वारी साधली नाही म्हणून घर सोडून आलेली. अशाच एका बैठकीत जव्हारच्या राजांचा विषय निघाला. ते संस्थान याच पालघर जिल्ह्यातले, १९४८ साली विलीन झालेले. तेवढ्यात आटपाडीचे एक म्हातारे म्हणाले, "आमच्या राजानं तर त्याच्या आधीच कारभार सोडला हुता."

म्हाताऱ्यांचे खरे होते. आटपाडी औंध संस्थानात होती. संस्थान बहात्तर गावांचे, बरेचसे दुष्काळी. भवानराव पंतप्रतिनिधी १९०९ साली गादीवर आले. लक्ष्मणराव किर्लोस्करांना बेळगावातून कारखाना हलवावा लागला, तेव्हा १९१० साली या राजाने त्यांना कुंडलच्या माळावर जागा दिली, कर्जही दिले. लोखंडी नांगराने जमीन नासते, असे लोक म्हणत तो हा काळ. शेतकी कॉलेजात आम्हाला नांगरटीची खोली शिकवली. तो नांगर कोणाच्या आसऱ्याने वाढला, हे कोणी सांगितले नाही.

१९३८ साली राजांनी सत्ता रयतेच्या हाती देण्याचे जाहीर केले. गांधीजींच्या सल्ल्याने घटना झाली आणि १९३९ च्या जानेवारीत ती लागू झाली. राजपुत्र अप्पासाहेब आणि पोलंडहून आलेले इंजिनिअर मॉरिस फ्रीडमन यांनी त्यासाठी गावे पालथी घातली. गावोगाव पंचायती निवडल्या गेल्या. महसुलातला मोठा वाटा गावासाठीच ठेवायचे ठरले. आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसले. तिथे कैदी बेडीशिवाय शेती करू लागले.

सत्तर वर्षे आधी जपानातल्या सरदारांनीही आपापल्या जहागिरी सोडल्या होत्या. १८६९ साली त्यांनी जमिनीची दप्तरे बादशहाच्या स्वाधीन केली. १८७१ साली अडीचशेवर जहागिरी एका फर्मानाने खालसा झाल्या. पण सरदार रस्त्यावर आले नाहीत. त्यांना आधी नेमणुका मिळाल्या, मग सरकारी रोखे मिळाले. रोख्यांची बँक झाली, बँकेचा पैसा रेल्वेत गेला. १८८४ साली सरदार नव्या पदव्या लावून मिरवू लागले.

हे सगळे कोणाच्या जिवावर? १८७३ साली जपानी शेतकऱ्यावर जमिनीच्या किमतीच्या तीन टक्के सारा बसला. पीक येवो न येवो, तो रोखीने भरायचा. शेतकरी उठले, तेव्हा कुठे १८७७ साली तो अडीच टक्क्यांवर आला. पुढे गिरण्यांना स्वस्त कापूस हवा झाला. १८९६ साली कापसावरची आयात जकात उठली आणि जपानातली कापसाची शेती बसली. आपल्या मुलखातला कापूस मुंबईहून बोटीने तिकडे जाऊ लागला, पण भाव ठरवणारा हात आपला नव्हता.

ही गोष्ट जुनी वाटते का? २०२५ च्या ऑगस्टमध्ये आपल्या सरकारने कापसावरची अकरा टक्के आयात जकात उठवली. मुदत आधी सप्टेंबरअखेरची होती, ती डिसेंबरअखेरपर्यंत वाढवली. म्हणजे नेमकी आपली वेचणी आणि विक्री चालू असतानाची. जपानातल्या शेतकऱ्याला कोणी विचारले नव्हते. आपल्याला तरी कोणी विचारले?

कारभार कोणाच्याही हाती जावो, आम्ही एकच गोष्ट तपासतो : पैसा कुठून निघतो आणि कुठे जाऊन पडतो. जपानात तो शेतातून निघून गिरणीत पडला. औंधात काही वर्षे तो गावात थांबला.

पण औंधाचे गुणगान करून आम्ही थांबणार नाही. ते दान राजाच्या मोठेपणाचे होते. रयतेने झगडून घेतलेले नव्हते. म्हणूनच १९४८ च्या मार्चमध्ये संस्थान मुंबई राज्यात गेले आणि पंचायतींचा तो कारभार संपला. वर बसलेल्याच्या मर्जीने मिळते ते वर बसलेल्याच्या सहीने जाते.

तेव्हा भला राजा शोधू नका. या बैठकीतून घरी गेल्यावर दोन कामे करा. ग्रामसभेत पंचायतीच्या जमाखर्चाचे कागद मागा. आणि जिनिंगवर कापूस घालताना जकात कधी उठली, कधी बसली, त्या तारखा आपल्या भावपट्टीवर लिहून ठेवा. पुढच्या बैठकीला त्या पट्ट्या घेऊन या. आपला हिशेब आपण मांडू.